दोनदा म्हणजे किती वेळा?

प्रश्न पोरकट वाटेल. दुसरीतलं पोरही सांगेल की दोनदा म्हणजे दोन वेळा, त्यात विचारायचं काय? पण चार्ल्स फ्रीडेक नावाच्या जर्मन खेळाडूला या प्रश्नाचं उत्तर मिळवायला सात वर्षं लागली. आधी लवाद झाला, मग फ्रँकफुर्टचं प्रथम न्यायालय झालं, मग तिथलंच वरचं न्यायालय झालं आणि शेवटी कार्ल्सरुहेच्या सर्वोच्च दिवाणी न्यायालयाच्या पायऱ्याही चढून झाल्या. १३ ऑक्टोबर २०१५ रोजी निकाल लागला : होय, दोनदा म्हणजे दोनदाच. त्या दिवशी फ्रीडेक ४४ वर्षांचा होता. त्या वयाचे गुडघे घेऊन कुणी तिहेरी उडीच्या धावपट्टीवर उभं राहत नाही.

हे नाव आपल्याकडे फारसं कुणाला ठाऊक असण्याचं कारण नाही. तिहेरी उडी आपल्याला आठवते ती राष्ट्रकुल स्पर्धेत एखादं पदक आलं की तेवढ्यापुरती. फ्रीडेकचा जन्म १९७१चा, गीसन शहरातला. नाव झालं ते लेव्हरकुझेनच्या क्लबाकडून. फुटबॉल पाहणाऱ्यांना हे गाव माहीत असेल. १९९९ हे त्याचं वर्ष. मार्चमध्ये जपानात माएबाशीला त्याने बंदिस्त मैदानावरचं जागतिक अजिंक्यपद जिंकलं, १७.१८ मीटर मारून. ऑगस्टमध्ये स्पेनमध्ये सेव्हिलला खुल्या मैदानावरचं जिंकलं, १७.५९ मीटर मारून. सेव्हिलला त्याच्या मागे कोण होतं ते पाहण्यासारखं आहे. दुसरा बल्गेरियाचा रोस्तिस्लाव्ह दिमित्रोव्ह आणि तिसरा ब्रिटनचा जोनाथन एडवर्ड्स. हा तोच एडवर्ड्स, ज्याने १९९५मध्ये गोथेनबर्गला १८.२९ मीटर उडी मारली आणि ज्याचा तो विक्रम तीस वर्षं झाली तरी कुणाला मोडता आला नाही. पुढे २०००मध्ये गेंटला युरोपीय बंदिस्त अजिंक्यपदही फ्रीडेककडे आलं. २००२मध्ये म्युनिकला, घरच्या प्रेक्षकांसमोर, स्वीडनच्या क्रिस्तियान ओल्सनच्या मागे त्याला रौप्य मिळालं. ऑलिंपिकचं पदक मात्र कधीच नाही. थोडक्यात, जगज्जेता होऊन गेलेला, तिशी उलटलेला आणि तरीही उडी न सोडलेला माणूस.

तिहेरी उडी ही थोडी विचित्र गोष्ट आहे. लांब उडीत एकदाच जमीन सोडायची असते. इथे तीनदा. पहिली झेप लंगडीची : ज्या पायाने उडायचं त्याच पायावर टेकायचं. दुसरी ढांग : त्या पायाने उडून दुसऱ्यावर टेकायचं. आणि तिसरी खरी उडी, वाळूत. लहानपणी लंगडी खेळलेल्या कुणालाही पहिला टप्पा ओळखीचा वाटेल. फरक इतकाच की इथे लंगडी पूर्ण वेगाने धावत येऊन घालायची असते आणि ती सहा मीटरांची असते. टेकणाऱ्या पायावर शरीराच्या वजनाच्या कित्येक पट भार येतो. या प्रकारातले खेळाडू उडी कमी पडली म्हणून संपत नाहीत, टाच, घोटा, गुडघा यांतलं काहीतरी साथ सोडतं म्हणून संपतात. त्यामुळे छत्तिसाव्या वर्षी १७ मीटरच्या पलीकडे जाणं म्हणजे काय, हे मीटरपट्टीवरून कळत नाही. एक तुलना करून पाहू. २०२२मध्ये बर्मिंगहॅमच्या राष्ट्रकुल स्पर्धेत आपल्या एल्डोस पॉलने सुवर्ण जिंकलं, आपण सगळे आनंदलो, ती उडी १७.०३ मीटरची होती.

२५ जून २००८ला वेझेल या लहानशा गावातल्या स्पर्धेत छत्तीस वर्षांच्या फ्रीडेकने एक उडी १७.०४ मारली आणि एक बरोबर १७.०० मारली. बीजिंग ऑलिंपिकला दोन महिनेही उरले नव्हते. जर्मन ऑलिंपिक क्रीडा महासंघाने त्या वर्षासाठी घातलेली अट आंतरराष्ट्रीय संघटनेच्या किमान निकषापेक्षा कडक होती : दोनदा १७.०० मीटर. फ्रीडेकच्या हिशेबाने काम झालं होतं. १७.०४ एकदा, १७.०० दुसऱ्यांदा.

महासंघाने नाव पाठवायला नकार दिला. म्हणणं असं की दोनदा म्हणजे दोन वेगवेगळ्या स्पर्धांत. एकाच दिवशी एकाच मैदानावर मारलेल्या दोन उड्या म्हणजे एकदाच.

इथे घाईने महासंघाला खलनायक ठरवणं सोपं आहे, आणि फ्रीडेकची बाजू घेणारे ते करतातही. मला ते पटत नाही. महासंघाच्या म्हणण्याला खेळाचा म्हणून एक तर्क आहे आणि तो कच्चा नाही. जर्मनीचं त्या काळचं धोरण स्पष्ट होतं : ऑलिंपिकला नुसता सहभाग नको, अंतिम फेरीत जाण्याची वाजवी शक्यता असलेला खेळाडूच पाठवायचा. मग एखाद्या खेळाडूची तयारी टिकाऊ आहे की एका दिवसाची कमाल आहे, हे तपासायचं कसं? एखाद्या संध्याकाळी धावपट्टी वेगवान असते, वारा मर्यादेत राहून पाठीशी असतो, हवा उबदार असते. अशा दिवशी सगळ्याच उड्या दहा-पंधरा सेंटिमीटरने लांब जातात. पंधरा दिवसांच्या अंतराने, दोन गावांत, दोन हवामानांत तीच मजल मारली तर ती खेळाडूची. हे म्हणणं कुठल्याही प्रशिक्षकाला पटेल. मीच निकष लिहायला बसलो असतो तर हेच मागितलं असतं.

पण मग तसं लिहिलं का नाही? सगळा वाद या एका प्रश्नावर येऊन थांबतो. ‘दोन वेगवेगळ्या स्पर्धांमध्ये’ हे तीन शब्द. नियमावली करणारे लोक मोठ्या महासंघातले, हाताशी कायदेतज्ज्ञ, वर्षानुवर्षांचा अनुभव. त्यांना हे तीन शब्द सुचले नाहीत, किंवा सुचले आणि घालायचे राहून गेले. दोन्हीपैकी काहीही असो, चूक त्यांची. तिची किंमत मात्र भरायला सांगितली गेली त्या माणसाला, ज्याने ती वाक्यरचना केली नव्हती आणि जो तिच्यावर भरवसा ठेवून धावला होता.

विमा काढलेल्या प्रत्येकाला हा अनुभव ओळखीचा असेल. पॉलिसीतलं एखादं कलम दोन प्रकारे वाचता येतं, आणि पैसे द्यायची वेळ आली की कंपनी नेमका आपल्या सोयीचा प्रकार निवडते. म्हणूनच करारांच्या जगात जुना संकेत आहे : संदिग्ध कलमाचा अर्थ ते लिहिणाऱ्याच्या विरुद्ध लावायचा. ज्याच्या हातात लेखणी होती त्याने नीट लिहायला हवं होतं. खेळाच्या संघटना मात्र या संकेताच्या बाहेर राहू पाहतात. त्या म्हणतात, नियम आमचा आहे, त्याचा हेतू आम्हाला माहीत आहे, तेव्हा अर्थही आम्हीच सांगणार. मनात ठेवलेला हेतू आणि कागदावर उतरलेलं वाक्य यांत फरक पडला तर मनातलं खरं धरायचं. मग कागद कशासाठी होता?

खेळाच्या बाजूनेही महासंघाचा अर्थ तितका नैसर्गिक नाही. उडीच्या स्पर्धेत प्रत्येक प्रयत्न स्वतंत्र असतो. पंच दर वेळी फळीवर पाय पडला का ते पाहतो, पांढरा किंवा लाल झेंडा उचलतो. दर वेळी वारा मोजला जातो, दर वेळी अंतर मोजलं जातं, दर वेळी ते तक्त्यात लिहिलं जातं. पहिल्या तीन प्रयत्नांनंतर पुढे राहिलेल्यांना आणखी तीन मिळतात. सहा उड्या, सहा नोंदी. त्यांतल्या दोन १७ मीटर किंवा पुढे गेल्या तर शेवटच्या बाकावर बसलेला प्रेक्षकही ‘आज दोनदा सतरा मारले’ असंच म्हणेल. धावण्याच्या शर्यतीत गोष्ट वेगळी, तिथे एका शर्यतीत एकच वेळ नोंदली जाते. कदाचित निकष लिहिणाऱ्याच्या डोक्यात धावण्याची शर्यत असावी, हा आपला माझा अंदाज.

आता न्यायाचा प्रवास पाहू, कारण लेखाचा खरा विषय तिथे आहे.

ऑलिंपिक दाराशी आलेलं, त्यामुळे पहिली धाव क्रीडा लवादाकडे. जर्मनीचं हे क्रीडा लवाद न्यायालय त्याच वर्षाच्या सुरुवातीला कोलोनमध्ये सुरू झालं होतं, खेळातले वाद खेळ जाणणाऱ्यांनी झटपट सोडवावेत म्हणून. त्याने झटपट निर्णय दिला खरा. महासंघाचा अर्थ उचलून धरला आणि फ्रीडेक घरी राहिला. २१ ऑगस्टला बीजिंगमध्ये तिहेरी उडीची अंतिम फेरी झाली. पोर्तुगालचा नेल्सन एव्होरा १७.६७ मारून जिंकला, ब्रिटनचा फिलिप्स इडोवू १७.६२ मारून दुसरा आला. तिसरं पदक बहामाच्या लीव्हन सँड्सला मिळालं ते १७.५९ मीटरवर. आकडा ओळखीचा वाटतो ना? नऊ वर्षांपूर्वी सेव्हिलला फ्रीडेक याच अंतरावर जगज्जेता झाला होता.

याचा अर्थ फ्रीडेकने बीजिंगला पदक मारलं असतं असा मुळीच नाही. २००८चा फ्रीडेक १९९९चा नव्हता, हे त्याचे ते १७.०४ आणि १७.०० सांगतातच. अंतिम फेरीच्या पाच दिवसांनी तो सदतीस वर्षांचा झाला. या वादात मला सर्वांत जास्त चीड आणणारा युक्तिवाद तोच आहे : ‘गेला असता तरी काय दिवे लावणार होता?’ हा युक्तिवाद करणाऱ्याच्या लक्षात येत नाही की पात्रतेचा निकष आकड्यात घालण्याचं कारणच हे भविष्य वर्तवणं टाळणं हे असतं. कोण काय दिवे लावेल ते कुणाला सांगता येत नाही, म्हणून तर आपण एक रेघ आखतो आणि म्हणतो की ही ओलांडलीस की तू आमचा. रेघ ओलांडून आलेल्याला ‘पण तू म्हातारा दिसतोस’ म्हणायचं असेल, तर आधी रेघ पुसा आणि जाहीर करा की आम्ही तोंड बघून निवडतो.

तेही वाईट नाही, बरं का. निवड समितीला विवेकाधिकार असणं मला गैर वाटत नाही. क्रिकेटचा, कबड्डीचा, हॉकीचा संघ आकड्यांवर निवडताच येणार नाही. वैयक्तिक खेळातही दुखापतीतून उठलेल्या विजेत्यासाठी एक खिडकी उघडी ठेवावी असं मला वाटतं. फक्त विवेकाधिकार असेल तर तसं लिहा, आणि आकडा असेल तर आकडाच ठेवा. आकडा लिहायचा आणि तो पुरा झाला की विवेक बाहेर काढायचा, हा खेळ तिहेरी उडीपेक्षा जुना आहे.

फ्रीडेकने मग नुकसानभरपाईचा दावा लावला. ऑलिंपिकला गेलेल्या खेळाडूला पुढच्या स्पर्धांची निमंत्रणं येतात, मानधन वाढतं, प्रायोजक उभे राहतात. ते सगळं बुडालं. २०११मध्ये फ्रँकफुर्टच्या प्रथम न्यायालयाने त्याची बाजू मान्य केली. वरच्या न्यायालयाने ती फिरवली. आणि २०१५मध्ये कार्ल्सरुहेने पहिला निकाल पुन्हा उभा केला. त्या निकालातल्या दोन गोष्टी मला महत्त्वाच्या वाटतात.

पहिली अशी की जर्मनीतून ऑलिंपिकला जायचं तर या महासंघावाचून दुसरं दार नाही. ज्या संस्थेची अशी मक्तेदारी आहे, तिने स्वतःच घातलेल्या अटी पुऱ्या करणाऱ्याचं नाव पाठवणं ही तिची मेहेरबानी नसते, ती तिची जबाबदारी असते. आवडला नाही तर दुसऱ्या महासंघाकडे जा, असं खेळाडूला सांगता येत नाही, कारण दुसरा महासंघच नाही. दुसरी गोष्ट वाचनाची : निकष ज्यांच्यासाठी लिहिला त्यांना तो जसा कळेल तसाच तो वाचायचा. महासंघाच्या बैठकीत कोण काय म्हणालं होतं, कुणाच्या मनात काय होतं, याने धावपट्टीवर उभ्या असलेल्या खेळाडूला काही फरक पडत नाही. त्याच्या हातात फक्त ते छापील वाक्य असतं.

या निकालाने भरपाईचा मार्ग मोकळा झाला. पण मिळून मिळून काय मिळणार? पैसे. बीजिंगचं मैदान, पक्ष्याच्या घरट्यासारखं ते स्टेडियम, नव्वद हजार माणसं, हे काही कुणी हप्त्याने परत देत नाही. न्यायालयाचा निकाल वाचताना हे सारखं मनात येत राहतं. त्याचा प्रत्येक शब्द बरोबर, आणि तरी सात वर्षं उशिरा.

इथून दोन टोकांची मतं निघतात. एक म्हणतं की न्यायालयांनी खेळात पडूच नये. लवाद नेमलेत ना, ते झटपट सोडवतील. दुसरं म्हणतं की लवाद हे संघटनांच्याच घरचे, तेव्हा खरा न्याय नेहमीच्या न्यायालयातच. फ्रीडेकची हकीकत दोघांच्याही तोंडावर दार आपटते. झटपट होता तो निर्णय चुकला आणि बरोबर होता तो निर्णय उपयोगाचा उरला नाही.

लवादाबद्दल जर्मनीतच पुढे आणखी एक लढाई झाली. क्लाउडिया पेखश्टाइन ही स्पीड स्केटिंगची अनेक ऑलिंपिक सुवर्णपदकं जिंकलेली खेळाडू. २००९मध्ये रक्ताच्या मोजमापांवरून, उत्तेजकं घेतल्याच्या ठपक्याखाली, तिच्यावर दोन वर्षांची बंदी आली. ती लॉझानच्या आंतरराष्ट्रीय क्रीडा लवादापुढे गेली, हरली, आणि मग म्हणाली की लवादाच्या करारावर मी सही केली ती राजीखुशीने नव्हे. सही केली नसती तर खेळताच आलं नसतं. २०१६मध्ये कार्ल्सरुहेच्या त्याच दिवाणी न्यायालयाने, ज्याने वर्षभरापूर्वी फ्रीडेकला न्याय दिला होता, पेखश्टाइनला मात्र माघारी पाठवलं. २०२२मध्ये जर्मनीच्या संविधान न्यायालयाने ते उलटवलं : लॉझानला तिला खुली सुनावणी मिळाली नव्हती, म्हणून तो लवादाचा करार तिच्यावर बंधनकारक नाही. तेव्हा तिची बंदी संपूनही दशक लोटलं होतं. पुन्हा तेच. बरोबर, पण कधी?

आता हे सगळं मी मराठीत का लिहितोय, तर आपल्याकडे हे दुकान नुकतंच उघडलंय म्हणून.

ऑगस्ट २०२५मध्ये संसदेने राष्ट्रीय क्रीडा प्रशासन कायदा संमत केला. त्यात राष्ट्रीय क्रीडा न्यायाधिकरण आहे. संघटनांच्या निवडणुकीपासून खेळाडूंच्या निवडीपर्यंतचे वाद तिथे जावेत, दिवाणी न्यायालयांत नाहीत, आणि अपील थेट सर्वोच्च न्यायालयात व्हावं, अशी ही रचना. वर्षानुवर्षं कोर्टात रखडलेल्या क्रीडा संघटना पाहिलेल्या कुणालाही हे बरं वाटेल, मलाही वाटलं. फक्त मला वेझेल आठवतं. जर्मनीने २००८मध्ये नेमकी हीच झटपट सोय केली होती आणि पहिल्याच वर्षी तिने ‘दोनदा’चा अर्थ चुकवला. फ्रीडेकला पुढे दिवाणी न्यायालयाचं दार उघडं होतं म्हणून त्याला निदान उत्तर तरी मिळालं. आपण एक दार उघडताना दुसरं लावून घेतोय. मग उघडलेल्या दारामागे बसणारी माणसं संघटनेचा मनातला हेतू वाचणार की कागदावरचं वाक्य, यावर सगळं अवलंबून.

आपला स्वतःचा अनुभव काय सांगतो? २०१७मध्ये केरळच्या पी. यू. चित्राने भुवनेश्वरला आशियाई अजिंक्यपदात १५०० मीटरचं सुवर्ण जिंकलं. आशियाई विजेती म्हणून तिला लंडनच्या जागतिक स्पर्धेचं दार उघडं होतं. भारतीय अ‍ॅथलेटिक्स महासंघाने तिचं नाव घातलं नाही. कारण सांगितलं ते तिच्या वेळेचं आणि कामगिरीतल्या सातत्याचं. ती केरळ उच्च न्यायालयात गेली आणि न्यायालयाने तिला संघात घ्यायला सांगितलं. तोवर नावं पाठवायची मुदत उलटली होती. आंतरराष्ट्रीय संघटनेने नाव घेतलं नाही. चित्रा लंडनमध्ये धावली नाही. इथे न्यायालय सात वर्षं उशिरा आलं नव्हतं, काही दिवस उशिरा आलं होतं. खेळात दोन्हीचा परिणाम एकच होतो.

उलट एक उदाहरण ठाण्याचं, आणि ते मी मुद्दाम घेतोय, कारण खेळाडूच्या बाजूने बोलणारे ते सोयीस्करपणे विसरतात. रुद्रांक्ष पाटीलने २०२२मध्ये कैरोला दहा मीटर एअर रायफलचं जागतिक विजेतेपद मिळवलं आणि पॅरिस ऑलिंपिकसाठी भारताला एक जागा मिळवून दिली. २०२४च्या निवड चाचण्यांत मात्र संदीप सिंग आणि अर्जुन बबुता पुढे राहिले आणि रुद्रांक्ष पॅरिसला गेला नाही. महाराष्ट्रात हळहळ झाली. ज्याने जागा मिळवली त्यालाच वगळलं, असं समाजमाध्यमांवर भरभरून लिहिलं गेलं. पण ती जागा देशाची असते, खेळाडूची नसते, आणि तिच्यावर कोण बसेल ते चाचणीत ठरेल, हे आधीपासून सांगितलेलं होतं. नियम कठोर होता, कदाचित शहाणपणाचाही नव्हता. पण तो नंतर बदलला नाही आणि त्याचा अर्थ कुणी मनातून काढून दाखवला नाही. बबुता पॅरिसला चौथा आला, पदक थोडक्यात हुकलं. तो पदक घेऊन आला असता तर निवड बरोबर ठरली असती आणि विसावा आला असता तर चूक ठरली असती, असंही मी मानत नाही. रुद्रांक्षला वाईट वाटलं असणार. अन्याय मात्र झाला नाही. फ्रीडेकच्या बाबतीत नेमकं उलटं होतं. तिथे नियम चांगला असेलही, पण जो लागू केला तो लिहिलेला नव्हता.

आपल्याकडे आणखी एक जुनी रीत आहे, तिचंही आकर्षण अजून गेलेलं नाही. खाशाबा जाधवांची हकीकत महाराष्ट्रात घराघरात सांगितली जाते. १९५२च्या हेलसिंकीसाठीच्या निवडीत त्यांना गुणांच्या हिशेबात डावललं गेलं, तेव्हा त्यांनी पतियाळाच्या महाराजांपुढे गाऱ्हाणं मांडलं, पुन्हा कुस्ती लावली गेली, आणि गोळेश्वरचा हा पैलवान ती मारून हेलसिंकीला गेला. तिथून तो स्वतंत्र भारताचं पहिलं वैयक्तिक ऑलिंपिक पदक घेऊन आला. ही गोष्ट ऐकताना अंगावर काटा येतो, आणि यावा. पण मला दर वेळी दुसराच प्रश्न पडतो. त्या दिवशी महाराजांचा मूड बरा नसता तर? किंवा खाशाबा त्यांच्यापर्यंत पोहोचलेच नसते तर? असे न पोहोचलेले किती पैलवान आपल्या गावागावांत होऊन गेले असतील, त्यांची गोष्ट सांगायला कुणी नाही, कारण तिला शेवटच नाही. आजही वाद झाला की आपण मंत्र्याकडे धाव घेतो, ट्विट करतो, एखादा जुना खेळाडू शब्द टाकतो, आणि कुणाचं तरी नाव यादीत घुसतं. राजा बदललाय इतकंच.

म्हणून माझा आग्रह महाराजांपेक्षा वाक्यरचनेवर आहे, भले तो रुक्ष वाटो. निकष वर्षभर आधी जाहीर व्हावेत, आणि ते खेळाडूंच्या भाषेत, मराठीतही असावेत. सातारच्या किंवा नंदुरबारच्या पोरीने इंग्रजी परिपत्रकातला कंस शोधत बसू नये. शंका विचारायची एक ठरलेली मुदत असावी आणि संघटनेने दिलेलं उत्तर सगळ्यांना दिसावं. त्यानंतर जे संदिग्ध उरेल त्याचा अर्थ न्यायाधिकरणाने बिनदिक्कत खेळाडूच्या बाजूने लावावा. आणि निवडीच्या वादाचा निकाल नावं पाठवायच्या मुदतीआधी लागलाच पाहिजे, हे न्यायाधिकरणाच्या नियमांत लिहिलेलं असावं. नुसता ‘लवकरात लवकर’ हा शब्दप्रयोग नको. तो आपल्याकडे काय करतो ते सगळ्यांना ठाऊक आहे.

यावर संघटनांचा एक आक्षेप मी ऐकलाय आणि तो अगदीच पोकळ नाही : असं केलंत तर नियमावली वकीलच लिहायला लागतील, पानंच्या पानं वाढतील, आणि खेळ बाजूला राहील. होईलही. पण जर्मन महासंघाला पानं वाढवायची गरज नव्हती. तीन शब्द पुरले असते. ते असते तर फ्रीडेक वेझेलहून परतला असता, दोन आठवड्यांनी दुसऱ्या एखाद्या गावात पुन्हा धावपट्टीवर उभा राहिला असता, आणि १६.९२ मारून मुकाट्याने घरी गेला असता. किंवा १७.०८ मारून बीजिंगला. दोन्ही वेळा कुणी कोर्टात गेलं नसतं.

वेझेलच्या त्या दोन उड्यांबद्दल एक गंमत राहून गेली. सात वर्षं खटला चालला, पण त्या मारल्या गेल्या की नाही, फळीवर पाय नीट होता की नाही, वारा किती होता, यावर वाद झालेला नाही. पंचाने पांढरा झेंडा दोनदा उचलला होता, हे सगळ्यांनाच मान्य होतं. भांडण फक्त ‘दोनदा’ या शब्दाचं होतं.

२०२६च्या सप्टेंबरात जपानात आयची-नागोयाला आशियाई स्पर्धा आहेत. ज्यांच्या घरात कुणी धावतं, उडतं, फेकतं, त्यांनी संघटनेचे निकष हाती पडताच एकदा पेन्सिल घेऊन वाचावेत. आणि कुठे ‘दोनदा’, ‘सातत्याने’, ‘अलीकडच्या कामगिरीवरून’ असलं काही दिसलं, तर त्याच दिवशी पत्र टाकून विचारावं : दोन्ही उड्या एकाच संध्याकाळी मारल्या तर चालतील का? उत्तर लेखी मागावं, आणि त्यावर तारीख आहे ना तेही पाहावं.